लघुपटाला पहिल्यांदा पार्श्वसंगीत देताना: करारापासून क्यू शीटपर्यंत

पुण्यातल्या एकांकिका स्पर्धांना संगीत देता देता ज्यांचे कान तयार झाले, अशांपैकी मी एक आहे. एकांकिकेत विंगेत बसून पात्राच्या पावलाकडे पाहत फेडर (आवाज कमी-जास्त करायची सरकपट्टी) हाताने खाली आणता येतो आणि नट दोन सेकंद रेंगाळला तर संगीतही त्याच्याबरोबर रेंगाळते. त्यामुळे बावीस मिनिटांचा पहिला लघुपट माझ्याकडे आला, तेव्हा हेही काम तसेच असेल असे मी धरून चाललो. तो समज मला चार महिने, दोनदा केलेले ध्वनिमुद्रण आणि एका मैत्रीत आलेला ताण एवढ्याला पडला. त्यानंतर पाच लघुपट आणि एक माहितीपट केला. आज हिशोब मांडला तर चुका चालींतल्या थोड्या आणि क्रमातल्या जास्त निघतात. म्हणून खालच्या पायऱ्यांचा क्रम शक्यतो मोडू नका, अशी विनंती आहे.

हा लेख कमी खर्चाचे मराठी लघुपट, माहितीपट किंवा स्वतंत्रपणे काढलेले पूर्ण लांबीचे चित्रपट करू पाहणाऱ्या नव्या संगीतकारांसाठी आहे. ज्यांच्यामागे संगीत कंपनी, संयोजक आणि मोठा स्टुडिओ उभा असतो, त्यांची पद्धत वेगळी आहे.

आधी जमवून ठेवायच्या गोष्टी

साधने: व्हिडिओ चालवू शकणारे ध्वनिसंपादनाचे सॉफ्टवेअर (मी रीपर वापरतो, साठ दिवस विनामूल्य वापरून पाहता येते आणि वैयक्तिक परवाना साठ डॉलरचा आहे, मॅक असेल तर लॉजिक प्रोही उत्तम), ऑडिओ इंटरफेस, एक कंडेन्सर माइक, कान पूर्ण झाकणारा हेडफोन, आणि एकाच कामाच्या दोन प्रती ठेवण्यासाठी दोन वेगळ्या हार्ड डिस्क.

कागदपत्रे: पॅन, बँक खात्याचा तपशील, कराराचा मसुदा, वादक-गायकांच्या संमतीपत्राचा नमुना, बिलाचा नमुना आणि क्यू शीटचा (चित्रपटातल्या संगीत-तुकड्यांच्या नोंदीचा) कोरा तक्ता. शेवटच्या दोन गोष्टींकडे सुरुवातीला कोणी पाहत नाही आणि पुढे त्यांच्यावरूनच धावपळ होते.

१. दिग्दर्शक जिथे असतात तिथे जा

पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर, प्रभात स्टुडिओच्या जुन्या जागेत, १९६० पासून एफटीआयआय ही चित्रपट प्रशिक्षण संस्था आहे. भास्कर चंदावरकरांसारखे संगीतकार तिथे शिकवत असत. तिथले विद्यार्थी आणि माजी विद्यार्थी, पुण्याचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, मुंबईत माहितीपट, लघुपट आणि अॅनिमेशनपटांसाठी भरणारा मिफ, आणि २००४ पासून पणजीत भरणारा इफ्फी हा भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव व त्याला जोडून एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळाने सुरू केलेला फिल्म बाजार, या ठिकाणी स्वतंत्र दिग्दर्शक भेटतात. आपल्या चालींची लिंक अनोळखी माणसाला पाठवण्याचा माझा अनुभव फारसा चांगला नाही. त्यापेक्षा त्यांचा लघुपट पाहून, त्यातल्या एखाद्या प्रसंगाच्या आवाजाविषयी नेमके काही बोललात, तर ओळख टिकते.

२. पहिला सूर लावण्याआधी करार करा

या पायरीवर मी सर्वांत जास्त शब्द खर्च करणार आहे, कारण नवखे लोक सर्वांत जास्त इथेच गमावतात.

स्वतंत्र चित्रपटात मानधन कमी असणार हे उघड आहे. मला पहिल्या लघुपटाचे आठ हजार मिळाले आणि त्यातले तीन हजार बासरीवाल्याच्या बिदागीत गेले. याबद्दल माझी तक्रार नाही, कारण दिग्दर्शकाने स्वतःचे सोने गहाण ठेवून चित्रीकरण केले होते. तक्रार आहे ती माझ्याच सहीबद्दल: इंटरनेटवरून उतरवलेल्या एका पानी करारात मी सर्व हक्क, सर्व माध्यमांसाठी, जगभर आणि कायमचे लिहून दिले होते. पुढे त्यातलीच एक धून मला माझ्या कार्यक्रमासाठी वापरायची होती, तर आधी निर्मात्याची लेखी परवानगी मागावी लागली. पैसे कमी असतील तर हक्क अधिक राखून ठेवा, हा साधा व्यवहार आहे आणि समजूतदार निर्माते तो मान्य करतात.

कायद्याची बाजू थोडक्यात अशी आहे. १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिलेल्या एका निकालानंतर, चित्रपटासाठी मोबदला देऊन करून घेतलेल्या संगीताचा पहिला मालक निर्माता, असा व्यवहार रूढ झाला. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली. राज्यसभेत जावेद अख्तर यांनी तिचा हिरिरीने पाठपुरावा केला होता. त्या दुरुस्तीमुळे, चित्रपटात वापरलेल्या संगीताची आणि गीताची रॉयल्टी समान वाट्याने मिळण्याचा हक्क संगीतकार आणि गीतकार यांना सोडूनही देता येत नाही. तो फक्त वारसांकडे किंवा रॉयल्टी गोळा करणाऱ्या कॉपीराइट संस्थेकडे जाऊ शकतो. सिनेमागृहात चित्रपटाबरोबर संगीत वाजते, तो वापर मात्र यातून वगळलेला आहे. म्हणजे दूरचित्रवाणी, रेडिओ आणि तत्सम इतर वापरांतला तुमचा वाटा शाबूत राहतो. करारात ‘संगीतकार रॉयल्टीवरील हक्क सोडत आहे’ असे वाक्य दिसले तर ते काढून टाकायला सांगा. ते बहुतेक वेळा जुन्या मसुद्यातून जसेच्या तसे उतरलेले असते आणि त्यामागे कोणाचा कावा नसतो.

त्याच कायद्याच्या कलम १९ मध्ये आणखी दोन उपयोगी गोष्टी आहेत. हक्क किती काळासाठी दिले हे करारात लिहिलेले नसेल तर तो काळ पाच वर्षे धरला जातो, आणि कोणत्या प्रदेशासाठी हे लिहिलेले नसेल तर भारतापुरते दिले असे मानले जाते. म्हणजे मोघम करार निर्मात्यालाही अडचणीत आणतो: चित्रपट परदेशातल्या महोत्सवात निवडला गेला की त्याचीच पंचाईत होते. दोघांच्याही भल्यासाठी स्पष्ट लिहा.

माझ्या करारात आता पुढील गोष्टी असतात: संगीताची अंदाजे मिनिटे, मानधनाचे तीन हप्ते (सहीच्या वेळी, पहिला कच्चा मसुदा ऐकवल्यावर, आणि अंतिम फाइल देण्यापूर्वी), वादक, गायक आणि स्टुडिओ यांचा खर्च मानधनाबाहेर, दोन वेळा दुरुस्ती विनामूल्य, त्यानंतर दर वेगळा, श्रेयनामावलीत नाव कुठे आणि कोणत्या शब्दांत, आणि संगीत स्वतंत्र अल्बम म्हणून प्रसिद्ध करण्याचा हक्क कोणाकडे. मित्राचा चित्रपट असेल तर हे कागद अधिकच काळजीपूर्वक करा. मैत्रीत भीड आड येते, हे मी स्वानुभवाने सांगतो. मोठ्या रकमेचा व्यवहार असेल तर हा परिच्छेद वाचून न थांबता वकिलाला मसुदा दाखवा.

३. संहिता वाचा, पण चाली बांधत बसू नका

संहिता वाचून वाद्यांचा आणि पोताचा विचार करावा, त्या गावचे आवाज ऐकून यावेत, दिग्दर्शकाशी गप्पा माराव्यात. चित्रीकरणाच्या वेळी पात्राने प्रत्यक्ष गायचे असेल तेवढीच चाल आधी बांधावी लागते. बाकीचे सर्व पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे संकलकाने यापुढे एकही फ्रेम हलणार नाही असे सांगितल्यावर करावे. ‘जवळपास लॉक आहे’ हे उत्तर ‘लॉक नाही’ असेच समजा. माझे दोनदा झालेले ध्वनिमुद्रण हे याच ‘जवळपास’चे फळ होते: रात्रीच्या एका प्रसंगातून संकलकाने अकरा सेकंद कापले आणि सारंगीची आख्खी ओळ निराधार झाली.

४. संकलकाकडून नेमके काय मागायचे

अंतिम संकलनाची हलकी व्हिडिओ फाइल मागा, जिच्यावर टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची तास-मिनिट-सेकंद-फ्रेम अशी वेळ) छापलेला असेल. संवाद आणि चित्रीकरणस्थळाचे आवाज एका ट्रॅकवर आणि संकलकाने तात्पुरते लावलेले संगीत वेगळ्या ट्रॅकवर मागा, म्हणजे ते बंद करता येईल. पहिल्या फ्रेमच्या बरोबर दोन सेकंद आधी एका फ्रेमचा ‘टूं’ असा आवाज, ज्याला टू-पॉप म्हणतात, तो ठेवायला सांगा; पुढे सगळे ट्रॅक जुळवताना तो देवासारखा धावून येतो.

आणि फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, हा लेखी विचारा. मी एकदा विचारला नव्हता. चित्रपट २३.९७६ फ्रेमचा होता, माझा प्रकल्प २४ चा. व्हिडिओ माझ्याकडे व्यवस्थित चालत होता, त्यामुळे शंका येण्याचे कारण नव्हते. मी प्रत्येक क्यू, म्हणजे संगीताचा तुकडा, कोणत्या टाइमकोडवर सुरू होतो ते लिहून दिले आणि संकलकाने त्याप्रमाणे तुकडे बसवले. सुरुवातीला फरक कळत नव्हता. विसाव्या मिनिटाला संगीत १.२ सेकंद उशिरा येऊ लागले. शेवटच्या प्रसंगात दार लागल्यावर शांतता हवी होती, तिथे दार लागून गेल्यानंतर घंटेचा स्वर वाजला, आणि परीक्षण-प्रक्षेपणाला बसलेल्या दहा जणांना तो विनोद वाटला.

५. स्पॉटिंग: संगीत कुठे नको हे आधी ठरवा

दिग्दर्शक, संकलक, साउंड डिझायनर आणि तुम्ही एकत्र बसून चित्रपट थांबत थांबत पाहता, आणि संगीत कुठे सुरू होईल, कुठे संपेल हे ठरवता. या बैठकीला स्पॉटिंग म्हणतात. साउंड डिझायनरशिवाय ही बैठक करू नका. पावसाच्या प्रसंगात तो पत्र्यावरचे थेंब रचत असेल आणि तुम्ही संतूर, तर दोघांचीही मेहनत एकमेकांत बुडून जाते.

प्रत्येक तुकड्याला क्रमांक द्या, सुरुवातीचा आणि शेवटचा टाइमकोड लिहा, आणि पुढच्या रकान्यात ‘का’ लिहा. हा तिसरा रकाना माझा स्वतःचा आहे. ‘दुःख’ एवढेच तिथे लिहायची वेळ आली, आणि नटीच्या चेहऱ्यावर ते दुःख आधीच दिसत असेल, तर मी तो क्यू काढून टाकायचा प्रस्ताव ठेवतो. बावीस मिनिटांच्या लघुपटात सात-आठ मिनिटे संगीत माझ्या मते पुष्कळ झाले. नवखा असताना मी सतरा मिनिटे भरली होती, कारण मानधन घेतले आहे तर काम दिसले पाहिजे असे वाटत होते.

६. रेफरन्स संगीताचा सापळा

संकलकाने तात्पुरते म्हणून एखाद्या नामांकित चित्रपटाचे संगीत लावलेले असते, आणि दिग्दर्शकाने ते दोन महिने ऐकलेले असते. त्याच्या कानात ते घर करून बसते. मग तुम्ही काहीही ऐकवले तरी ‘काहीतरी कमी आहे’ असे उत्तर येते. यावर उपाय म्हणजे पहिल्या बैठकीतच त्या तुकड्यातले त्याला नेमके काय आवडते ते विचारणे: वेग, वाद्य, जागा, की केवळ आवाजाची पातळी? एकदा बराच खल झाल्यावर असे निघाले की दिग्दर्शकाला आवडत होती ती सुरुवातीच्या दोन सेकंदांतली शांतता. ‘हुबेहूब असेच कर, चार सूर बदल’ अशी मागणी आली तर मात्र नम्रपणे नकार द्या. चोरीचा आरोप झाला तर श्रेयनामावलीत संगीतकार म्हणून तुमचे नाव असते.

७. पट्टी ठरवण्याआधी प्रसंगाचा आवाज ऐका

त्या पहिल्या लघुपटात एक प्रसंग होता: आजी विहिरीच्या कठड्यावर बसून मुलाची वाट पाहते आहे आणि मागे पाण्याची मोटर चालू आहे. मी काळी चारमध्ये (पेटीवरची चौथी काळी पट्टी षड्ज धरून) तानपुरा आणि बासरी योजली होती. खोलीत ऐकताना सुरेल वाटणारा तानपुरा चित्रावर ठेवला की थरथरायचा. मी दोष आधी माइकला दिला, मग वाद्याच्या जव्हारीला, आणि शेवटी बिचाऱ्या वादकाला.

कारण मोटरमध्ये होते. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे मोटर, पंखा, ट्रान्सफॉर्मर यांची गुणगुण बहुधा १०० हर्ट्झच्या आसपास असते. हा स्वर पांढरी पाचपेक्षा किंचित चढा आणि काळी चारपेक्षा उतरलेला आहे. काळी चारचा खर्ज सुमारे १०४ हर्ट्झवर येतो, म्हणून दोघांच्या भांडणातून सेकंदाला चार वेळा हेलकावे ऐकू येत होते. मोटर पुसून टाकणे शक्य नव्हते, कारण ती बंद पडण्यावरच पुढचा प्रसंग उभा होता. अखेर पट्टी पांढरी पाच घेतली, तानपुरा तिच्यापेक्षाही साधारण ३५ सेंट (शंभर सेंट म्हणजे एक अर्धा सूर) चढा लावला आणि मोटरलाच षड्ज मानले. मोटर बंद पडते तेव्हा तानपुरा एकटा उरतो, आणि त्या क्षणाला आजी मान वर करते. हे आधी सुचले नव्हते, त्या अडचणीतून हाती लागले.

तेव्हापासून प्रत्येक प्रसंगाचा मूळ आवाज मी ट्यूनर लावून ऐकतो. मात्र हार्मोनियम वापरणार असाल तर ही सोय नाही. तिचे सूर पक्के असतात, आणि जुन्या पेट्या आजच्या प्रमाण सुराला जुळतीलच असेही नाही. पेटीवादकाला बोलावण्यापूर्वी त्याच्या पेटीचा एक स्वर फोनवर मुद्रित करून मागवा आणि इतर वाद्ये तिच्याशी जुळवून घ्या.

संवादांखाली बासरी, सनई किंवा मानवी आवाज जपून वापरा. हे स्वर बोलण्याच्याच पट्ट्यात येतात आणि श्रोत्याचा कान शब्द सोडून सुरामागे जातो.

८. एक तरी जिवंत वाद्य ठेवा

संगणकातली ध्वनिसंग्रहालये आता इतकी चांगली आहेत की व्हायोलिनचा ताफा त्यांच्यावर भागवता येतो. संबळ, तुणतुणे किंवा तारपा मात्र भागत नाही. चार वाद्ये नकली आणि एक खरे असले तरी कान त्या खऱ्या वाद्याच्या मागे जातो. बिदागी आधी ठरवा, ती त्याच दिवशी द्या, आणि वादकाकडून संमतीपत्रावर सही घ्या: नाव, वाद्य, चित्रपट, रक्कम आणि मुद्रण वापरण्यास परवानगी. लोककलावंत असेल तर मजकूर मराठीत ठेवा आणि वाचून दाखवा. नाव श्रेयनामावलीत कसे लिहायचे हेही त्यालाच विचारा.

फुकटात मिळणाऱ्या लूपबद्दल (पुन्हा पुन्हा वाजवायच्या तयार तुकड्यांबद्दल) एक इशारा देतो. तोच लूप दुसऱ्या कोणी आपल्या गाण्यात वापरून ते गाणे यूट्यूबच्या ओळख-यंत्रणेत नोंदवलेले असते, आणि तुमच्या चित्रपटाच्या झलकीवर त्याचा दावा येतो. परवान्याची प्रत जपून ठेवा. शक्य असेल तर असे लूप वापरूच नका.

९. ‘अभंग तर संतांचा आहे’

ग्रामीण पार्श्वभूमीच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटात दिग्दर्शक एखादा अभंग मागतो, आणि परवानगीचा विषय काढला की हे वाक्य ऐकवतो. शब्द तुकोबांचे असतील तर त्यांच्यावर आज कोणाचा हक्क नाही, हे खरे. पण दिग्दर्शकाच्या कानात असलेली चाल बहुधा विसाव्या शतकातल्या एखाद्या संगीतकाराची असते आणि तिच्यावरचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षे चालतो. ध्वनिमुद्रण त्याहून वेगळी गोष्ट आहे. त्यावरचा हक्क मुद्रण प्रसिद्ध झाल्यापासून साठ वर्षे, बहुतेक वेळा कंपनीकडे असतो. म्हणजे शब्द, चाल आणि मुद्रण यांची तीन वेगवेगळी उत्तरे शोधावी लागतात. चित्रात मागे दुकानातल्या रेडिओवर गाणे वाजत असले तरी तोच नियम. अशा वेळी शब्द घेऊन चाल स्वतः बांधा. वारीत टाळ-मृदंगावर म्हटल्या जाणाऱ्या पारंपरिक चाली ऐकून याल, तर पुष्कळ सुचेल.

१०. फाइल सुपूर्द करणे

४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटच्या वेव्ह फाइल द्या; एमपी३ फक्त ऐकवण्यासाठी. प्रत्येक क्यू एकसंध न देता स्टेममध्ये, म्हणजे गटांप्रमाणे वेगळ्या फाइलींत द्या: तालवाद्ये, खर्ज आणि पार्श्वभूमीचे सूर, मुख्य सुरावट, गायन. सर्व स्टेम एकाच बिंदूपासून सुरू व्हायला हवेत. शेवटच्या आउटपुटवर लिमिटर (आवाजाची शिखरे दाबणारे साधन) लावून आवाज फुगवू नका. अंतिम मिक्स करणारा माणूस संवादाखाली सुरावट कमी करील आणि तुम्हाला वाईट वाटेल. ते त्याचे काम आहे. मात्र मिक्सच्या दिवशी शक्यतो हजर राहा आणि कोपऱ्यात बसा.

११. क्यू शीट, सभासदत्व आणि बिल

क्यू शीट म्हणजे चित्रपटातल्या प्रत्येक संगीत-तुकड्याचे नाव, लांबी, वापराचा प्रकार, संगीतकार, गीतकार आणि हक्कधारक यांचा तक्ता. ही निर्मात्याची जबाबदारी असली तरी स्वतः भरून त्याच्याकडून सही करून घ्या, नाहीतर कोणीच भरत नाही. संगीतकार आणि गीतकारांची रॉयल्टी गोळा करणारी आयपीआरएस ही संस्था १९६९ पासून आहे आणि २०१७ मध्ये तिची कायद्यानुसार पुन्हा नोंदणी झाली. प्रसिद्ध झालेले काम हाती आले की सभासदत्वासाठी अर्ज करा आणि प्रत्येक कामाची नोंद करत जा. सभासद झाल्यावर सार्वजनिक सादरीकरणाचा हक्क तुम्ही संस्थेकडे सोपवलेला असतो. तोच हक्क पुढच्या करारात निर्मात्याला देऊन बसू नका.

बिल देताना पॅन आणि खाते लिहा. निर्माता कंपनी असेल तर व्यावसायिक शुल्कावर बहुधा १० टक्के कर कापून उरलेली रक्कम येते. तो कर तुमच्या नावावर जमा झाला की नाही हे आयकराच्या संकेतस्थळावर तपासा, कारण छोट्या कंपन्या भरायचे विसरतात. वर्षाची एकूण उलाढाल वीस लाखांच्या आत असेल तर जीएसटी नोंदणीची चिंता साधारणपणे नसते.

काम संपले की प्रकल्पातला प्रत्येक ट्रॅक साध्या वेव्ह फाइलमध्ये काढून दोन्ही डिस्कवर ठेवा, बासरीवाल्याच्या संमतीपत्राच्या छायाप्रतीसकट. आजीच्या त्या लघुपटाचा दिग्दर्शक तीन वर्षांनी फोन करून म्हणाला की महोत्सवासाठी पंधरा मिनिटांची आवृत्ती करतो आहे, संगीत पुन्हा जुळवून दे. तोवर माझा संगणक बदलला होता आणि निम्मी प्लगइन उघडत नव्हती. तानपुऱ्याची वेव्ह फाइल तेवढी होती, आणि मोटर संकलकाकडे होती.